वाद मिटवायला निघताना वही सोबत घ्या

"बाई, तुमी नुसतं येऊन बसा, बाकी आमी बघतो." असं बोलावणं आलं की मी सावध होते. नुसतं येऊन बसा, म्हणजे आमच्या बाजूला बसा.

मी लातूर जिल्ह्यात जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका होते. 15 ऑगस्ट 2007 ला राज्यात महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली, गावोगाव समित्या झाल्या आणि आमच्या समितीत एक बाई पाहिजे म्हणून माझं नाव लागलं. मिटवलेलं पहिलं प्रकरण बांधाचं होतं. मी वीस मिनिटांत निकाल दिला: दगड इथं रोवा, कडुनिंब दोघांचा, चहा घ्या आणि घरी जा. दोघंही "हो बाई" म्हणाले. पंधरा दिवसांत दगड चार हात सरकलेला होता आणि कडुनिंब तोडलेला होता. दोघांचीही मुलं माझ्या वर्गात होती, हे मला नंतर उमगलं. ते "हो बाई" म्हणजे होकार नव्हता, ती शाळेच्या दारातली सवय होती.

तेव्हापासून मी प्रत्येक प्रकरणाला वही वापरते. डी.एड. ला असताना आम्हाला पाठाचं टाचण काढायला लावायचे आणि पाठ संपल्यावर काय जमलं, कुठं मुलं हरवली हेही लिहायला लावायचे. तेव्हा ते ओझं वाटायचं. शिक्षणशास्त्रात याला चिंतनशील कार्यपद्धती म्हणतात. अमेरिकी विचारवंत डोनाल्ड शॉन यांनी 1983 मध्ये त्यातले दोन प्रकार वेगळे करून दाखवले: काम चालू असतानाच स्वतःकडे बघणं आणि काम झाल्यावर मागे वळून बघणं. मध्यस्थीला हे दोन्ही लागतात, आणि मी तिसरं जोडते, निघण्याआधी स्वतःला तपासणं. हा लेख तंटामुक्त समितीचे अध्यक्ष, बचत गटाच्या अध्यक्षा, भावकीतले थोरले अशा सगळ्यांसाठी आहे, ज्यांना कुणीतरी "येऊन बसा" म्हणतं.

उदाहरण मी सामाईक विहिरीचं घेते, कारण मराठवाड्यात त्याइतकं नेहमीचं भांडण दुसरं नाही. ओळख पटू नये म्हणून दोन-तीन घरांच्या गोष्टी एकात मिसळल्या आहेत. दोन भाऊ, एक विहीर, एक मोटार. वडील असतानाच पाळ्या ठरलेल्या. आता बोलणं बंद, आणि एकदा विहिरीवर काठ्या निघालेल्या.

निघण्याआधी: एक पान स्वतःसाठी

बोलावणं आलं की लगेच चप्पल घालू नका. वहीत चार गोष्टी लिहा, आणि खऱ्या लिहा, वही कुणी बघणार नाही.

आत्ता, काहीच न ऐकता, मला कोण बरोबर वाटतं? "कुणीच नाही" असं लिहिलंत तर तुम्ही स्वतःला फसवताय. मला त्या प्रकरणात धाकटा बरोबर वाटत होता, कारण थोरला भाऊ ग्रामसभेत मोठ्यानं बोलतो आणि मला तसली माणसं आवडत नाहीत. एवढंच कारण. कागदावर उतरल्यावर ते किती पोकळ आहे ते दिसलं.

दुसरं, माझं काय नातं आहे? सोयरीक, भावकी, जात, उधारी, मागच्या निवडणुकीत कोण कुणाकडून होतं, सगळं. गावात नातं नसलेला माणूस मिळत नाही, म्हणून नातं असणं हा दोष नाही. ते दोन्ही बाजूंना आधीच सांगितलं नाही तर दोष. "थोरल्यांची सून माझ्या मामेबहिणीची लेक आहे, चालेल का?" असं मी धाकट्याला विचारलं. तो म्हणाला, "मला ठाव हाय की बाई, म्हणूनच बोलीवलं, ते तुमचं ऐकतील." हे ऐकून मी अजून सावध झाले.

तिसरं, हे मिटलं तर मला काय मिळतं? पैसे नाही, पण मोठेपणा मिळतो. मोठेपणाची घाई निकालाच्या घाईत उतरते.

चौथं जड जातं: मला कशाची चीड येते? कुणी पिऊन येऊन बोलायला लागला की माझे कान बंद होतात. त्याला घरातली जुनी कारणं आहेत. म्हणून माझ्या प्रकरणांत पिऊन आलेल्या माणसाची बैठक मी त्या दिवशी घेतच नाही. त्याला शिक्षा म्हणून नव्हे, मला त्या दिवशी न्यायानं ऐकता येत नाही म्हणून.

पानभर लिहून झाल्यावरही पारडं एकीकडे झुकलेलं दिसलं, तर नाही म्हणा किंवा सोबत दुसरा माणूस घ्या, शक्यतो वेगळ्या भावकीतला, वेगळ्या समाजातला. दोघांनी बसायचं आणि एकमेकांवर लक्ष ठेवायचं. मला हीच पद्धत सगळ्यात भरवशाची वाटते.

हे प्रकरण आपलं आहे का?

सगळं मिटवायचं नसतं. नवरा मारतो, हुंड्यासाठी छळ चाललाय, लेकरावर अत्याचार झालाय, बलात्कार झालाय, जातीवरून शिवीगाळ किंवा मारहाण झालीय: इथं पारावर बसून "घरातलं घरात ठेवा" म्हणणारा माणूस मध्यस्थ नसतो, तो गुन्हा झाकणारा असतो. बाईला 181 किंवा 112 हे नंबर द्या आणि सोबत जा. बलात्काराच्या प्रकरणात तडजोडीला जागाच नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं स्पष्ट सांगितलेलं आहे. फौजदारी गुन्ह्यांत तडजोडपात्र कोणते हे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत ठरवून दिलेलं आहे. किरकोळ मारहाण, शिवीगाळ त्यात येते, पण ते सुद्धा वकिलाला विचारूनच करा.

जात पंचायतीच्या वळणावर जाऊ नका. "ह्यांच्याशी कुणी बोलायचं नाही, रोटी-बेटी बंद" असा ठराव करणं महाराष्ट्रात सामाजिक बहिष्कार बंदी कायद्याखाली गुन्हा आहे. हा कायदा 2016 चा, लागू झाला जुलै 2017 मध्ये, आणि त्यात तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतं. मी एका बैठकीत "दंड म्हणून गावजेवण घाला" असं सुचवताना ऐकलंय. तेही नको. मध्यस्थाला दंड करण्याचा अधिकार नाही.

आणि जिथं एका बाजूला "नाही" म्हणताच येत नाही तिथं मध्यस्थी खोटी असते. मुकादम आणि ऊसतोड जोडपं उचलीवरून, म्हणजे आगाऊ घेतलेल्या पैशांवरून, भांडत असेल, सालगडी आणि मालक पाडव्याच्या हिशोबावरून भांडत असेल, तर दोघांना समोरासमोर बसवून "तुम्ही दोघंही थोडं सोडा" म्हणणं म्हणजे कमजोर माणसाकडून अजून थोडं काढून घेणं. अशा वेळी मजुराच्या बाजूनं बोलणारा कुणीतरी सोबत असल्याशिवाय मी बसत नाही. उचल फिटली नाही म्हणून माणूस डांबून ठेवला असेल तर 1976 च्या वेठबिगारी कायद्याचं प्रकरण होतं, आणि जागा तहसील किंवा जिल्हाधिकारी कार्यालय.

बांध, पाणंद, विहीर, वाटणी, उधारी, जनावरानं खाल्लेलं पीक, सासू-सुनेचं चुलीवरून, बचत गटाच्या हप्त्यावरून: ही आपली.

आधी कागद, मग माणसं

बोलण्यानं मिटणारं आणि मोजणीनं मिटणारं यात गल्लत झाली की महिने जातात. बांधाच्या वादात आधी सातबारा, फेरफार आणि मोजणीचा नकाशा बघा. भूमी अभिलेखकडं मोजणीचा अर्ज गेलेला नसेल तर दोघांच्या संमतीनं तो आधी टाका आणि फी निम्मी-निम्मी करा. मोजणीची फी कोण भरणार यावर एकमत होणं हीच बऱ्याचदा पहिली तडजोड असते.

मराठवाड्यात जुन्या जमिनीचा प्रश्न निघाला की खासरा पाहणी 1954 चा उतारा, म्हणजे तेव्हाची शेतवार नोंद, मागायची सवय ठेवा. निजामाच्या काळातली बरीच कागदपत्रं उर्दूत किंवा मोडीत असतात. घरातल्या पेटीत असा कागद असला की जो माणूस तो वाचल्याचा दावा करतो त्याचंच खरं धरायची चूक होते. वाचणारा तिसरा माणूस शोधा.

शेतरस्त्याचा वाद असेल तर दोन तरतुदी माहीत असू द्या. बांधावरून नवीन रस्ता मागायचा असेल तर जमीन महसूल अधिनियम 1966 चं कलम 143. वहिवाटीचा रस्ता अडवला असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम 1906 चं कलम 5, आणि त्याला अडवल्यापासून सहा महिन्यांची मुदत असते. तुमच्या बैठकींच्या नादात एखाद्याची ही मुदत निघून गेली तर ते पाप तुमच्या माथी. मी पहिल्याच भेटीत विचारते, "रस्ता कधीपासून बंद आहे?" आणि तारीख वहीत लिहिते.

एकाचं शेत दुसऱ्याच्या ताब्यात आणि दुसऱ्याचं पहिल्याच्या, असं बारा वर्षांहून जास्त चाललेलं असेल, तर शासनानं जानेवारी 2023 पासून सलोखा योजना आणली आहे. अदलाबदलीच्या दस्ताला मुद्रांक शुल्क 1000 रुपये आणि नोंदणी फी 1000 रुपये. मुदत चालू आहे का ते तलाठ्याला विचारून घ्या. कित्येक भांडणं फक्त दस्ताच्या खर्चामुळं अडलेली असतात.

वेगळ्या भेटी

एकाच दिवशी दोन्ही घरी जा. गावात कोण कुणाकडं आधी गेलं आणि किती वेळ बसलं हे संध्याकाळपर्यंत सगळ्यांना कळतं. एकाकडं चहा घेतला तर दुसऱ्याकडंही घ्या, पोट भरलं असलं तरी.

पहिल्या भेटीत सल्ला द्यायचा नाही. मी दोनच प्रश्न ठेवते: "काय झालं ते पहिल्यापासून सांगा" आणि "याआधी तुमचं पटत होतं तेव्हा कसं चालायचं?" दुसऱ्या प्रश्नानं माणूस मऊ होतो. थोरले भाऊ मला पाऊण तास धाकट्याच्या चुका सांगत होते. दुसरा प्रश्न विचारल्यावर थांबले आणि म्हणाले, "पैल्यांदा मोटार बसविली तवा आमी दोघंच विहिरीत उतरलो व्हतो. सात परस विहीर. त्याला खाली सोडताना दोर माझ्याच हातात व्हता." मग बराच वेळ काही बोलले नाहीत. मीही बोलले नाही. गप्प बसणं शिकायला मला फार वर्षं लागली.

घरातल्या बायकांशी वेगळं बोला, आणि ओसरीवर नव्हे. धाकट्याची बायको चुलीपाशी बसून जे बोलली ते नवऱ्यानं दोन भेटींत सांगितलं नव्हतं: "रातची पाळी आली की मला झोप लागत न्हाई. पलीकडच्या शिवारात गेल्या साली एकाला पान लागलं. हे एकलेच जातेत बॅटरी घेऊन." पान लागणं म्हणजे साप चावणं, आमच्याकडं रात्री सापाचं नाव घेत नाहीत.

भेट संपवताना विचारा, "यातलं दुसऱ्या बाजूला सांगितलं तर चालेल असं काय, आणि सांगू नको असं काय?" आणि ते पाळा. एकदा एका घरचं गुपित माझ्या तोंडून दुसऱ्या घरी निसटलं. ते प्रकरण मिटलं नाहीच, आणि त्या घरानं मला अजून हाक मारलेली नाही.

वाटणीचा वाद असेल तर बहिणींना भेटल्याशिवाय पुढं जाऊ नका. 2005 च्या दुरुस्तीनं हिंदू एकत्र कुटुंबाच्या मालमत्तेत लेकीचा हक्क मुलाइतकाच झाला, आणि 2020 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो जन्मानं मिळतो हे पक्कं केलं. "ताईची सही हक्कसोड पत्रावर घेऊ, ती काय नाही म्हणत न्हाई" असं भाऊ म्हणतात. ताई काय म्हणते ते ताईला विचारा, सासरी जाऊन, भाऊ सोबत नसताना. ती स्वखुशीनं सोडत असेल तर तिची मर्जी. पण तिला माहेर तुटण्याची भीती घालून घेतलेल्या सहीवर उभी राहिलेली वाटणी मी मिटलेली धरत नाही.

वेळ आणि जागा

मृगाच्या तोंडावर कुणालाही बसवू नका, सगळ्यांचं लक्ष आभाळाकडं असतं. सगळ्यात वाईट वेळ म्हणजे पाणी संपल्यावरची. 2016 च्या मार्चमध्ये लातूर शहरात पाण्याच्या जागांभोवती जमावबंदी लावावी लागली होती आणि एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं. असल्या दिवसांत माणूस पाळीचा हिशोब करत नाही, घागरीचा करतो. पाण्याच्या वादाला दिवाळी ते येळवस (वेळ अमावस्या) हा काळ चांगला: विहिरीला पाणी असतं, हरभरा उभा असतो, डोकं थोडं थंड असतं. येळवशीच्या दिवशीच बैठक घ्यायचा सल्ला मला कुणीतरी दिला होता, आंबील-भज्जी खाताना सगळे मोकळे होतात म्हणून. मी करून पाहिलं. पाहुणे इतके होते की प्रत्येकाला आपला पंच मिळाला. पुन्हा नाही.

पार नको, देवळाचा ओटा नको, कुणाचं घर नको. सुट्टीच्या दिवशी शाळेचा वर्ग मला बरा वाटतो (शाळेची परवानगी घेऊनच), पण तुम्ही शिक्षक नसाल तर तुमच्यासाठी दुसरी जागा बरी असेल. बघे जमणार नाहीत एवढं बघा. बघे असले की माणूस समोरच्याशी बोलत नाही, बघ्यांशी बोलतो. समोरासमोर न बसवता थोडं तिरकं बसवा. मोबाइल पिशवीत. दोन्ही घरांतून माणसं सारखी, आणि बायका असल्याच पाहिजेत, कारण ठरलेलं पाळायचं की मोडायचं हे चुलीपाशी ठरतं.

बैठक

सुरुवातीला मी तीन-चार वाक्यंच बोलते. मी निकाल देणार नाही. दोघांनाही उठून जायची मुभा आहे. एक बोलताना दुसरा मधे बोलणार नाही. इथं झालेलं बाहेर सांगायचं असेल तर दोघांच्या संमतीनं. मध्यस्थी आणि लवाद यातला फरक इथंच सांगून टाकावा: लवादात तिसरा माणूस निवाडा देतो, मध्यस्थीत निवाडा त्या दोघांनीच करायचा असतो. लोकांना हे ऐकून आधी निराशाच होते. "मग तुमी कशाला?" असं धाकट्यानं विचारलंच.

पुढचं काम एकच आहे आणि ते कंटाळवाणं आहे: ऐकलेलं परत सांगणं. शब्दांतला काटा काढायचा, मुद्दा ठेवायचा.

"त्यो चोर हाय, माझं पाणी चोरतो."

"तुमच्या पाळीत पाणी कमी मिळालं असं तुमचं म्हणणं. कोणत्या दिवशी?"

"बेस्तरवारी."

"बेस्तरवारी लाइट कधी असते?"

इथं गंमत झाली. आमच्या फीडरवर, म्हणजे शेताला वीज देणाऱ्या लाइनवर, त्या हंगामात चार दिवस दिवसा आठ तास आणि तीन दिवस रात्री दहा तास थ्री फेज, म्हणजे मोटार चालेल अशी लाइट, यायची. वडिलांनी पाळ्या वारांवर वाटल्या होत्या, तेव्हाचं लाइटचं वेळापत्रक वेगळं होतं. नवं वेळापत्रक आल्यावर रात्रीचे तिन्ही वार धाकट्याच्या वाट्याला आले. त्याला वाटलं थोरल्यानं मुद्दाम केलं. रात्री जायला नको म्हणून त्यानं लाइट आली की मोटार आपोआप चालू करणारा ऑटो स्टार्टर लावला, कमी दाबानं मोटार जळाली, आणि थोरल्याला वाटलं धाकट्यानं मुद्दाम जाळली. फसवलं कुणीच नव्हतं. मी फळ्यावर सात वार लिहिले आणि पुढं दिवस-रात्र लिहायला धाकट्याच्या पोरालाच खडू दिला. त्यानं लिहिताना दोन्ही भाऊ एकाच फळ्याकडं बघत होते.

मागणी आणि गरज वेगळ्या असतात हे फळ्यावर लिहिता येत नाही, विचारूनच काढावं लागतं. धाकट्याची मागणी "वार बदला" होती, गरज रात्री एकट्यानं न जाण्याची. थोरल्याची मागणी "मोटारीचे पैसे दे" होती. "पैसे मिळाले तर झालं का?" असं विचारल्यावर ते म्हणाले, "पैशाचं काय घेऊन बसलाव बाई. दोन बार मोटार बांधून आणली, कुणी इच्चारलं का किती लागले?" त्यांना विचारायला हवं होतं.

बैठक चालू असताना स्वतःकडंही बघायचं असतं, त्याला खूण ठरवून घ्या. माझी खूण म्हणजे उजव्या हाताचं बोट. ते वर झालं की समजायचं, वर्गातली बाई जागी झाली. मग मी हात पदरात घेते. तुमची खूण वेगळी असेल: आवाज चढणं, घड्याळाकडं बघणं, एकाच बाजूला मान डोलावणं. सोबत्याला सांगून ठेवा, तो खुणावेल. घुसमट वाढली तर "पाणी पिऊन येऊ" म्हणा. तासाभरात काही हललं नाही तर उठा आणि दुसरा दिवस ठरवा.

पर्याय त्यांचेच

मला त्या दिवशी तोडगा पंधरा मिनिटांत दिसला होता आणि जीभ चावून बसले होते. तुमच्या तोंडून आलेला तोडगा मोडला की दोष तुमचा, त्यांच्या तोंडून आलेला मोडायला त्यांनाच लाज वाटते. मी फक्त विचारलं, "चार दिवस, तीन राती, दोन घरं. कसं वाटायचं?" हिशोब पोरानंच केला. दिवसाच्या चारपैकी दोन-दोन, म्हणजे प्रत्येकाला सोळा तास. रात्रीची एक-एक, आणि तिसरी रात्र एका आठवड्याला एकाकडं, पुढच्या आठवड्याला दुसऱ्याकडं. मग थोरले, कुणाकडंही न बघता, म्हणाले, "त्याच्या रातच्याला मी बी येत जाईन."

तोडगा निघाला की आनंदानं उठू नका, तो हलवून बघा. लाइट गेली तर ते तास बुडाले की पुढं मिळणार? वेळापत्रक पुन्हा बदललं तर? पाणी तळाला गेलं तर आधी हरभरा की ऊस? कुणाच्या घरी मयत झाली तर पाळी कोण चालवणार? मोटार बिघडली तर कोणी नेऊन द्यायची आणि पैसे कधी? या प्रश्नांवर पुन्हा अर्धा तास वाद झाला, आणि तो आत्ता झालेला बरा.

लिहून घेणं

त्यांच्याच शब्दांत, तारखेसह, वाचून दाखवून. आमच्या कागदावरचा एक परिच्छेद असा होता:

"पाळी वारावर नसून लाइटच्या दिवसा-रात्रीवर राहील. वेळापत्रक बदलल्यास दोघांनी आठ दिवसांत बसून पाळी नव्यानं लावायची. ऑटो स्टार्टर दोघांच्या संमतीशिवाय लावायचा नाही. मोटार दुरुस्तीचा खर्च निम्मा-निम्मा, पावती दुसऱ्याला दाखवून पंधरा दिवसांत द्यायचा. दोन्ही घरांत या कागदाचा फोटो ठेवायचा."

"यापुढे प्रेमानं राहू" असलं वाक्य लिहू नका. प्रेम तपासता येत नाही, पावती तपासता येते.

कागदाची ताकद किती हे दोघांना खरं सांगा. पाळीसारख्या गोष्टीला साधा सहीचा कागद चालून जातो. जमिनीचा हक्क एकाकडून दुसऱ्याकडं जाणार असेल तर नोंदणीकृत दस्तच लागतो, पारावरच्या कागदानं सातबारा बदलत नाही. कोर्टात दावा चालू असेल तर समेट लोकअदालतीत नोंदवून घ्या: 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यानुसार तिथला निवाडा दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखा असतो, त्यावर अपील नाही, आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. दावा दाखल नसला तरी दाखलपूर्व प्रकरण म्हणून तिथं जाता येतं. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते, 15100 वर फोनही करता येतो. बायकांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना तिथं उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. 2023 च्या मध्यस्थता कायद्यात गाव-मोहल्ल्याची शांतता बिघडवणाऱ्या वादांसाठी सामुदायिक मध्यस्थीचं वेगळं प्रकरण आहे, तीन मध्यस्थांचं मंडळ आणि दोन्ही बाजूंची आधी संमती. पण त्यात झालेला समेटही हुकूमनाम्यासारखा बजावता येत नाही. तो माणसांनीच पाळायचा.

मागे वळून बघणं

घरी आल्यावर त्याच रात्री लिहा, सकाळी आठवण गोड होते. मी आधी जे घडलं ते लिहिते, मत न घालता: कोण आधी बोललं, कुठं आवाज चढला, कुठं शांतता झाली. मग मला काय वाटलं ते. मग निघण्याआधीचं पान उघडून ताडून बघते. त्या रात्री ताडताना दिसलं की मी धाकट्याला सात वेळा "बरोबर" म्हणाले होते आणि थोरल्याला दोनदा. बैठक माझ्यामुळं नाही, त्या पोराच्या हिशोबामुळं आणि थोरल्यांच्या एका वाक्यामुळं पुढं गेली होती.

पुढं काय वेगळं करायचं ते एकच लिहा. पाच संकल्प लिहिले की एकही होत नाही.

मग पंधरा दिवसांनी एकदा आणि हंगाम संपल्यावर एकदा जाऊन या. विचारायचं "पटतंय का?" असं नाही, त्याला "हो बाई" असंच उत्तर येतं. विचारायचं, "गेल्या आठवड्यात तिसरी रात्र कुणाची होती?" दोन्ही घरांतून एकच उत्तर आलं तर कागद चालतोय. आमच्या प्रकरणात पहिल्या फेरीला उत्तरं वेगळी आली. आठवडा सोमवारी सुरू होतो की रविवारी हे लिहायचंच राहिलं होतं. कागदावर एक ओळ वाढली, सह्या पुन्हा झाल्या. थोरल्यांनी त्या दिवशी दुरुस्तीची पावती धाकट्यासमोर ठेवली. धाकट्यानं ती न बघता खिशात घातली, आणि बायकोनं दटावल्यावर काढून वाचली.

वहीतली त्या दिवसाची नोंद अशी आहे: "मधे बोलले नऊ वेळा. पुढच्या वेळी पाच. आठवड्याचा पहिला वार विचारायचा राहिला, चूक माझी. परवा पाणंदीचं प्रकरण, सहा महिन्यांपैकी चार गेलेत, आधी तारीख बघणे. एक बाजू माझ्या नणंदेच्या घरची. एकटीनं जायचं नाही."